अर्धा कोयता

“पोरीला चाकाला बांधलं होतं, हे खरं की खोटं?” वनमाला मॅडमनी दुसऱ्यांदा विचारलं.

येताना सुग्रीवनं बायकोला बजावलं होतं, न्हाई म्हण, खेळताना गुंतली म्हण. योगितानं वाटभर ते घोकलं होतं. पण बालकल्याण समितीच्या त्या खोलीत उभं राहिल्यावर तिच्या तोंडून दुसरंच निघालं.

“बांधलतं, मॅडम. रोजच बांधत हुते.”

सुग्रीवनं मान खाली घातली.

उमापूरच्या शिवारात दोघं ऊस तोडत होती. चार वर्षांची स्वप्नाली कमरेला जुन्या साडीचा पट्टा बांधून बैलगाडीच्या चाकाशी बसलेली असायची. रस्त्यानं जाणाऱ्या कुणीतरी फोनवर तिचं चित्रण केलं, ते गावोगाव फिरलं आणि पोलीस येऊन पोरीला बीडच्या बालगृहात घेऊन गेले. त्याला महिना होत आला होता.

मॅडमनी पुढ्यातला कागद बाजूला सारला. नोकरीभर त्यांनी खेड्यातल्या शाळेत पोरं शिकवली होती. आवाज अजून तसाच होता, न चढणारा. “कशाला बांधत हुतीस, बाई?”

“गेल्या साली टोळीतल्या वच्छलाबाईचं लेकरू उसाच्या पाचटात निजलं हुतं. ट्रॅक्टर मागं आला. डायवरला दिसलंच न्हाई.” योगिता थांबली. “माझी लई पळती, मॅडम. गाठ सैल असायची. दोन बोटं जायची मदी.”

मॅडमनी स्वतःचीच दोन बोटं जुळवून पाहिली. मग अडलेल्या पोराला समजवावं तसं त्यांनी सगळं सावकाश सांगितलं. पोरगी आईबापांचीच आहे, ती कोणी कायमची घेत नाही. पण तिला पुन्हा उसाच्या फडात नेता येणार नाही. दोघांपैकी एकानं गावात राहून तिला अंगणवाडीत घालावं, नाहीतर हंगाम संपेतो ती बालगृहातच राहील. योगितानं सासूकडे ठेवते म्हणावं, तर सासूला डोळ्यांनी दिसत नव्हतं.

“बाहेर जाऊन दोघं ठरवा,” मॅडम म्हणाल्या. “घाई न्हाई.”

व्हरांड्यात येताच सुग्रीव दबक्या आवाजात म्हणाला, “लई हरिश्चंद्राची लेक लागून गेलीस. खोटं बोलली असतीस तर जीभ झडली असती का?”

तो भिंतीला टेकला. नवरा-बायको मिळून एक कोयता. अर्धा कोयता मजूर नेणारा कुठला मुकादम उभा करतो, हे त्यानं तिला सांगायची गरज नव्हती. लग्न झाल्यापासून ती त्याच हिशेबात जगत होती.

“तुमी जावा,” ती शेवटी म्हणाली. “धाकल्या भागवतभावजींना संगं घ्या. दोन गडी मिळून एक कोयता हुतो.”

“आन् भाकरी कोन थापीन?”

“थापा की तुमी. मी काय आईच्या पोटातून शिकून आलते?”

त्याला हसू येता येता राहिलं. मग आत जाऊन दोघांनी अंगठे दिले.

पोरीला आणायला वेळ लागणार होता. सुग्रीव थोडा थांबला, मग फडाकडं जायची गेवराईची गाडी चुकेल म्हणून निघाला. पोरीनं पाहिलं तर गळ्यात पडंल आणि मग पाय निघायचा न्हाई, असं म्हणाला. फाटकापाशी तो एकदा वळला आणि गेला.

स्वप्नालीला बालगृहातल्या बाईंनी हाताला धरून आणलं. केस तेल लावून चापून बांधलेले. तिनं आईकडे पाहिलं, पण धावली नाही. बाईंनी हात सोडल्यावर हळूच येऊन शेजारी उभी राहिली.

बसस्थानकावर गावाकडच्या, नेकनूरच्या गाडीला अवकाश होता. योगितानं फडकं सोडून भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी पुढ्यात ठेवली. पोरगी मांडी घालून, हात जोडून, डोळे मिटून बसली. ओठ हलत होते, बालगृहात शिकवलेला श्लोक असावा. योगिताला त्यातलं काहीच येत नव्हतं.

ओठ थांबले तरी पोरगी खाईना. कुणीतरी “सुरू करा” म्हणायची वाट बघत ती तशीच बसून राहिली.

योगितानंही हात जोडले. “खा आता,” ती म्हणाली.