फाटकात आडवी पडलेली डोण

मित्रांनो, मी एक जुनी दगडी डोण आहे. अळणावरजवळच्या गवळीवाड्यात म्हशींना पाणी पाजण्यात माझा जन्म गेला. सोनाबाईच्या सासऱ्यांनी ओढ्यातलाच काळा दगड खोदून मला घडवलं. ओढ्याचं पाणी पाटानं माझ्यात येई आणि ऐन उन्हाळ्यातही मी काठोकाठ भरलेली असे.

मग हुबळी वाढली. वरच्या अंगाला बंधारा झाला, पंपघर झालं, मोठा पाइप शहराकडे गेला. इंजिनियर सुमंतसाहेब म्हणाले, "उन्हाळ्यात ओढ्याला पाणी सोडू." सोडलं नाही. माझ्या पोटात पाचोळा साठला. सोनाबाईची सून पार्वती हुबळीतल्या देशपांडे नगरात धुणीभांडी करायला गेली. सणाला आली तेव्हा सासूला म्हणाली, "आत्ती, आपल्या ओढ्याच्या पाण्यानं तिथं गाड्या धुतात."

यंदा एक गाभण म्हैस माझा कोरडा तळ चाटता चाटता खाली बसली. ती परत उठलीच नाही.

सोनाबाईनं डोळे पुसले आणि मला दोरखंड बांधले. "चला, हिला पंपघरावर नेऊ."

"अक्का, पोलीस येतील," कुणीतरी म्हणालं.

"येऊ देत. तहान त्यांनाबी लागती."

रेड्यांनी ओढलं, बायकांनी पहारी लावल्या. वाटेत माझा एक काठ फुटला. फुटेना का! पंपघराच्या फाटकात त्यांनी मला आडवं टाकलं. मागे सगळा कळप बसला.

सुमंतसाहेबांची गाडी बाहेरच अडली. "बाई, शहरातल्या माणसांनी पाणी प्यायचं नाही का?"

"प्या की! आम्ही कधी नको म्हटलं? पण आमची जनावरं मारून नको."

"मी वर कळवतो."

"कळवा. आम्ही हितंच हाय."

वाड्याचं दूध शहरात जायचं थांबलं. पोलीस आले, दटावून गेले. मला उचलायला क्रेन आली, तेव्हा पार्वती काम सोडून येऊन माझ्यात बसली. शेवटी बंधाऱ्याची पाणी अडवणारी एक फळी निघाली आणि ओढा वाहू लागला.

"आता तरी डोण न्या," साहेब म्हणाले.

"फळी परत बसवणार नाही म्हणून लिहून द्या, मग नेऊ," सोनाबाई म्हणाली. अजून कुणी लिहून दिलेलं नाही.

मित्रांनो, पाणी जपून वापरा, हे तुम्हाला सगळेच सांगतात. मी आणखी एक सांगते. नळ सोडाल तेव्हा विचारा, हे कुणाच्या तोंडचं काढून आणलंय? विचारलं म्हणून कुणी रागावलं, तर त्याला माझ्याकडे पाठवा. मी फाटकातच आहे.