लावणी चुकवायला गेलेला नागू

माझा भाऊ नागू आळशी नव्हता, असं अव्वा शपथ घेऊन सांगायची. आईला पोर कधी आळशी दिसतं का?

गोऱ्या सायबानं रान जाळून पेरायची कुमरी बंद केल्यापासून आमची डोंगरावरची नाचणी गेली आणि आम्ही बाजारकुणंग गावाच्या खालच्या अंगाला चिखलात भात लावायला लागलो. दिवसभर कंबरेत वाकायचं म्हटलं की नागूदादाच्या पोटात दुखायचं. त्या वर्षी मात्र पोटदुखी चालेना. रुक्मावयनी लग्न होऊन नुकतीच आली होती, पण भारी खमकी. दादाचा तिच्यावर जीव होता. चिखलावर नव्हता, एवढंच.

नेमके तेव्हाच काळफिरस्ते आले. हा भटक्यांचा एक पंथ. बाकीचे भटके गावागावांतून फिरतात, हे वर्षावर्षांतून फिरायचे. त्यांचा महंत उमाजीबुवा गेल्या खेपेला पिकल्या दाढीचा होता, यंदा मिसरूड फुटलेला. त्याच्या पाया पडावं की त्यालाच आशीर्वाद द्यावा, हे अव्वाला कळेना. शेवटी तिनं सगळ्यांना पेज वाढली.

"तुमच्यासंगं आलो तर परत सोडता न्हवं?" दादानं बांधावर बसून हळूच विचारलं.

"पंथाचा फेरा पुरा झाला की सोडतो," बुवा म्हणाला. "जिथनं उचललं तिथंच. वेळ परत मिळतो, बाबा. वय तेवढं मिळत न्हाई."

वयाचं दादानं कानाआड केलं. चार दिवस हिंडायचं आणि लावणी उरकल्यावर ऐटीत परतायचं, असा त्याचा बेत. वयनी भाताच्या रोपांची मूठ घ्यायला वळली, तेवढ्यात हा बुवाचा हात धरून फणसाआड गेला.

ती मूठ घेऊन फिरली तर फणसामागून टक्कल पडलेला, पोक आलेला एक म्हातारा बाहेर आला. अंगात कुठल्याशा शतकातली, खिसेच खिसे असलेली बंडी. त्यानं आधी चिखल पाहिला, मग तशीच पडलेली रोपं पाहिली आणि बोंब ठोकली, "आजून लावणी झाली न्हाई?"

त्या बोंबेवरूनच वयनीनं नवरा ओळखला.

तो फेरा पंचवीस वर्षांचा निघाला होता. मध्ये उतरायची सोय नाही. आणि बुवानं शब्दाला जागून त्याला निघाला त्याच घटकेला परत आणून सोडलं होतं.

अव्वा धावत आली. दादा तिच्या पाया पडायला वाकला तो गुडघा धरून तिथंच अडकला. अव्वानंच काखेत हात घालून त्याला उभा केला. आता तो तिच्याहून थोराड दिसत होता.

"आईच्या आदी म्हातारा झालास, मेल्या! लाज न्हाई वाटली?" तिनं त्याच्या पाठीत धपाटा घातला आणि मग त्याच्या टकलावर हात फिरवत रडायला लागली. मलाही रडू आलं, आणि असा राग आला की बुवाला त्याच चिखलात लोळवावं.

वयनी रोपांची मूठ तशीच हातात घेऊन पुढं आली. तिची अजून हळदही पुरती उतरली नव्हती.

"तिकडं माझी सय व्हायची?" तिनं विचारलं.

"रोज," दादा म्हणाला. "आभाळातनं गाड्या चालताना बघितल्या. येका जागी दोन चांद उगवतात. कुणाला दाखवायचं म्हटलं तर तू न्हाईस."

दादाच्या मागोमाग आलेला बुवाही ओशाळला. त्याचीही दाढी आता पिकायला लागली होती. "पोरी, तूबी चल," तो वयनीला म्हणाला. "तेवढीच वर्सं फीर. आत्ताच्या आत्ता हितं आणून सोडतो. मग जोडीला जोड हुईल."

"जा बाय," अव्वा म्हणाली. "न्हाईतर लोक नावं ठेवतील."

दादा खाली मान घालून म्हणाला, "जा, रुक्मा. न्हाईतर मी आदी जाईन आन् तू एकटी ऱ्हाशील."

ही गेली असती तर आमच्या घरातलं एकुलतं तरणं माणूस म्हणजे मी उरले असते.

वयनीनं पदर खोचला. "एकटी ऱ्हाईन तवा ऱ्हाईन," ती दादाला म्हणाली. "तुमची पंचवीस वर्सं मला बघाय मिळाली न्हाईत. माझी मी तुमाला बघाय लावणार. माझा एकेक केस तुमच्या डोळ्यांम्होरं पिकंल. बुवा, तुमी पेज घ्या आन् वाटंला लागा."

दादानं ती बंडी काढून बांधावर टाकली आणि कुणी न सांगता चिखलात उतरला. तेवढं मी त्या माणसाला जन्मात पहिल्यांदा करताना पाहिलं.

लावणी करताना सगळे एकाच अंगाला तोंड करून मागं सरकतात. वयनी मात्र उलटी, दादाच्या समोर जाऊन उभी राहिली.

"वयनी, अशानं ओळ मोडती," मी म्हणाले.

"मोडूंदे," ती म्हणाली, आणि दादाकडं बघत बघत तिनं पहिलं रोप लावलं.