नवा करून आणलेला कोट

मी एक ओव्हरकोट आहे आणि सध्या दुबईत आहे. हसायचं असेल तर आधी हसून घ्या. बाहेर माणसं घामाने निथळतात आणि मी जाड लोकरीचा, गुडघ्यापर्यंत लांब.

माझा जन्म पॅरिसचा. एका फ्रेंच सिनेमासाठी मला शिवलं. काय रुबाब होता तेव्हा माझा! काळाभोर रंग, ताठ कॉलर. आणि विद्युल्लता नावाच्या बाईने मला टेबलावर आडवं घातलं आणि किसणीने माझी कोपरं खरवडायला घेतली. मग चहाच्या पाण्यात बुचकळलं. ओल्या खिशांत दगड भरून टांगून ठेवलं, खिसे लोंबावेत म्हणून. कॉलरला तेल आणि धूळ चोळली, एक बाही उसवून ठेवली. मला ब्रह्मांड आठवलं.

कारण साधं होतं. सिनेमाचा नायक म्हणजे थंड देशातून येऊन इथल्या बंदरात अडकलेला म्हातारा खलाशी. जन्मभर वापरलेला कोट तो अंगावेगळा करत नाही. नवाकोरा कोट घालून तो उभा राहिला असता तर त्याच्यावर कोणाचा विश्वास बसला असता?

विद्युल्लता मूळची पुण्याची, पुढे पॅरिसला गेलेली. तिची हकिगत मला हँगरवरच्या जुन्या कपड्यांनी सांगितली. त्यांना दुसरा उद्योग काय! फ्रेंच सिनेमाच्या कपडेपटात ती इस्त्री करायला लागली. मग नटनट्यांना कपडे चढवायला लागली. एका नटीच्या कंबरेचा कॉर्सेट आवळताना इतक्या शिव्या खाल्ल्या की तिचं फ्रेंच सुधारलं म्हणे. पुढे कपडे रंगवणं, मळवणं, झिजवणं शिकली. वरच्या जागेवर दुसरेच यायचे आणि जायचे, ही तिथेच, तोंडात टाचण्या धरून. केस पांढरे व्हायला लागले तेव्हा कुठे एका सिनेमाचा अख्खा कपडेपट तिच्या हाती आला. तो हाच. थोडं शूटिंग खोर फक्कानच्या बंदरावर, उरलेलं दुबईच्या अल क्वोज भागातल्या एका गोदामात.

शूटिंगसाठी एका कपड्याच्या दोनतीन प्रती करतातच. माझं एक भावंड समुद्राच्या सीनमध्ये खाऱ्या पाण्याने आखडलं, दुसरं आगीच्या सीनमध्ये जळालं. उरलो मी.

सुट्टी होती म्हणून अस्तराला टाके घालायला तिने मला भावाच्या घरी आणलं. भाऊ यतीन दुबईतच, जबल अलीच्या एका कंपनीत मॅनेजर, त्याची बायको शर्वाणी. दोघं फार प्रेमळ, पण ताई नक्की काय करते हे घरात कोणालाच ठाऊक नव्हतं. यतीन पाहुण्यांना सांगायचा, "ताई फॅशनमध्ये आहे, पॅरिसला." ती हसून विषय बदलायची. मला राग यायचा.

रविवारी विद्युल्लता काही कामासाठी गोदामात गेली. शर्वाणीने मला खुर्चीवरून उचललं आणि नाक मुरडलं.

"अगंबाई, हा असा कोट! माहेरवाशीण फाटकं घेऊन परत गेली तर लोक तोंडात शेण घालतील आमच्या."

आणि तिने मला सरळ खाली अहमदच्या लाँड्रीत नेलं. "भैया, ड्रायक्लीन और रफू. अर्जंट है हं."

"यल्ला, चलो भाभी, हो जाएगा."

चहाच्या वेळेला मी घरी परत आलो. चकाचक. बाही शिवलेली, खिसे सपाट, कॉलर ताठ. खोटं कशाला बोलू, मी खूश होतो. पुन्हा कोणीतरी झालो होतो.

विद्युल्लता आली. मला पाहिलं आणि चप्पल न काढताच ती फरशीवर बसली.

"ताई, सरप्राइज!" शर्वाणी म्हणाली. "नवा दिसतोय ना?"

"शर्वाणी, हा फाटका नव्हता गं. मी फाडला होता."

"म्हणजे?"

"मुद्दाम. तेच माझं काम आहे. उद्या सकाळी शेवटचा सीन. दाराबाहेर तो मळक्या कोटात आहे, ते शूट झालंय. आत आला की कोट नवा? बंदरावरचं सगळं वाया जाईल. मला परत कोण कपडेपट देईल?"

"मम्मा! यू क्लीन्ड अ कॉस्च्यूम?" यतीनची लेक शुभ्रा मोबाइलमधून डोकं वर काढून म्हणाली.

यतीन गोंधळला. "पण ताई, तू डिझायनर ना?"

"नाही रे. डिझाइन दुसरी बाई करते. कपडे त्या माणसाने खरंच वापरलेले वाटतील, हे मी बघते. इतकी वर्षं तेच करतेय."

शर्वाणी रडायलाच लागली. मग डोळे पुसून म्हणाली, "ताई, काय काय लागेल ते सांगा."

स्वयंपाकघरातली किसणी निघाली. चहा उकळला. कॉलरला तेल लागलं, खिशांत तुरीच्या डाळीची पाकिटं बसली. यतीन पार्किंगमागची वाळू पिशवीत भरून घेऊन आला. विद्युल्लता फोनवरचे फोटो बघून एकेक डाग जुळवत होती. अहमदचा रफू शर्वाणीने स्वतः उसवला. "किती छान केला होता हो त्याने," ती पुटपुटली.

या वेळी मी कुरकुर केली नाही. विद्युल्लता रात्रभर खाली मान घालून किसत होती. माझा रुबाब गेला तर गेला, हिचं काम राहू दे, असं मनापासून वाटलं.

सकाळी म्हाताऱ्या नटाने मला अंगात घातलं. खिशांत हात घातले आणि थांबला. विद्युल्लता कॅमेऱ्यामागून खिशांकडेच बघत होती. मग त्याने सवयीने खांदे पाडले आणि दारातून आत आला. सीन खलास.

"काय म्हणाले?" घरी यतीनने विचारलं.

"काही नाही. कोणाच्या लक्षातच आलं नाही."

हे सांगताना तिचा चेहरा इतका खुलला की यतीनला काही कळेना. शर्वाणीला कळलं. तिने ताईला मिठी मारली.

आता मी खोक्यात आहे, पॅरिसला परत नेणाऱ्या बोटीची वाट बघतोय. सिनेमा कधी पाहिलात तर कृपा करून माझ्याकडे बघू नका, म्हाताऱ्याकडे बघा. त्यातच विद्युल्लताचं सगळं काम आलं.

गोदामात मला भरताना शर्वाणी मदतीला आली होती. तिने माझ्या छातीवर एक कागद टाचला, मराठीत लिहिलेला: "धुऊ नये. शिवू नये. हे आमच्या ताईंचं काम आहे."

पॅरिसला हे वाचू शकणारी एकटी विद्युल्लताच. तिने तिथे गोदामातच ते वाचलं, पुन्हा वाचलं, आणि निघू नये म्हणून टाचणीच्या जागी चार टाके घातले.