शेषनागाच्या दाताचं भोक

१९९८ सालची गोष्ट. पारोळ्याच्या पारावर मुंगी शिरायला जागा नव्हती. सर्पानंद महाराज वीतभर कातड्यावरची लाल-काळी अक्षरं दाखवत गरजत होते, "ही नागलिपी! शेषनागाची कात! डोळ्यांना लावा, काचबिंदू पळतो, चष्मा पळतो, पाठोपाठ डॉक्टरही पळतो!"

मीही घुसलो, पण वेगळ्या ओढीने. मी इथल्या कॉलेजात इतिहास शिकवतो. उत्तर युरोपातली सातशे वर्षांपूर्वीची कायद्याची पोथी, रून नावाच्या काटेरी अक्षरांतली, तिच्या पानांचे फोटो सीडीवर मागवून रोज कॉम्प्युटरवर एकटाच वाचत बसायचो. बायको गेल्यापासून बोलायला घरात कोणी नाही, आणि या अक्षरांवर बोलायला तर गावातही नाही. तीच अक्षरं महाराजांच्या हातात दिसली तेव्हा वाटलं, भेटला कोणीतरी सोबती.

जवळ गेलो तर ते माझंच पान होतं. धुळ्याच्या दुकानात मी त्याची रंगीत छपाई करून घेतली होती आणि फिकी आलेली प्रत तिथेच टाकली होती. त्या दुकानाचा मालक, मगन, महाराजांमागे चवरी ढाळत उभा होता.

रांगेत पुढे माझ्या शेजारच्या नर्मदाअक्का होत्या. काचबिंदूने एक डोळा गेलेला, दुसरा औषधाच्या थेंबांवर टिकलेला. कालही पान डोळ्यांना लावून गेलेल्या, आज पुन्हा आल्या होत्या. मला म्हणाल्या, "सर, आते मी दवा नही टाकस. माले दिखाले लागनं."

मी त्यांच्याबरोबर पुढे सरकलो. महाराजांनी पान त्यांच्या डोळ्यांवर ठेवलं, तेव्हा मी विचारलं, "महाराज, मधलं हे भोक कशाचं?"

"शेषाच्या दाताचं, बेटा. आतून पाताळाची अक्षरं दिसतात."

"अक्का, त्यात बोट घाला बरं." मी त्यांचं बोट तिथे नेलं.

त्यांनी चाचपलं, पुन्हा चाचपलं. "आठे भोकच नही शे," त्या हळूच म्हणाल्या.

खरं भोक मूळ पोथीच्या कातड्याला होतं, त्यातून मागच्या पानाची अक्षरं दिसत. फोटोत दोन्ही उतरलं. महाराजांनी तो छापील कागद कातड्यावर चिकटवला, वर रोगण फासलं, भोक पाडायचं तेवढं राहिलं. मी नखाने कोपरा उचलला आणि कागद सोलून निघाला.

महाराज मगनच्या स्कूटरवरून पसार झाले. गर्दीही पांगली. ती अक्षरं कुणाची, हे एकानेही विचारलं नाही. फार एकटं वाटलं.

संध्याकाळी अक्कांच्या डोळ्यात मी थेंब टाकले. गेलेली नजर येणार नव्हती, उरलेली राखायची होती. मिटल्या डोळ्यांनीच त्या म्हणाल्या, "सर, त्या पानवर खरं काय लिखेल शे?"

एवढ्या वर्षांत पहिल्यांदा कोणी विचारलं. मी खुर्ची ओढून सांगायला बसलो.

तुम्हीही विचारा. चमत्काराला बोट लावून बघा. आणि डॉक्टरचे थेंब चुकवू नका.