पाठ कोरा

ती छापखान्यात मुद्रितं तपासायची. तुटलेले शब्द जोडायचे, चिकटलेले सोडवायचे, हाच तिचा धंदा. दोन शब्दांमधली जागा जरा इकडची तिकडे झाली की हिच्या कपाळावर आठी पडलीच म्हणून समजा. लेखक मंडळी तिला वचकून असत. अशा बाईच्या हातून चूक व्हावी, तीही मोकळ्या जागेची आणि तीही स्वतःच्या घरात भोवणारी, याला काय म्हणायचं!

पुस्तक होतं शिल्पकलेवरचं, कुण्या प्राध्यापकांनी लिहिलेलं. त्यात एक रंगीत पान तिच्या वडिलांच्या शिल्पाचं होतं. वडील शिल्पकार आणि शिल्प तिच्या आईचं. आई बाकावर बसली आहे, मांडीवर पुस्तक उघडं आहे आणि ती वाचते आहे. रंगीत चित्राच्या मागे काही छापायचं नसेल, तर पानाच्या कोपऱ्यात 'पाठकोरा' असं लिहून द्यायची छापखान्याची पद्धत होती. मागची बाजू कोरी सोडा, एवढाच त्याचा अर्थ. तिनं 'पाठ' लिहिलं आणि तिची नजर चित्रातल्या आईवर गेली. मग ती बघतच राहिली. आई गेल्यापासून तिला असं मध्येच हरवायला व्हायचं. भानावर आल्यावर तिनं पुढे 'कोरा' लिहिलं आणि मध्ये चांगली बोटभर जागा राहिली.

ते पान आणि सोबतचा मजकूर वडिलांना दाखवायला म्हणून तिनं घरी आणला, त्यांच्या कामाच्या खोलीत टेबलावर ठेवला आणि ती चहा टाकायला गेली. कप घेऊन परत येते तो काय, बाबा छिन्नीला धार लावत बसलेले.

आई गेल्यापासून त्यांनी छिन्नी हातात धरली नव्हती. दिवसभर त्याच खोलीत बसायचे खरे, पण हत्यारांवर धूळ बसू द्यायचे आणि ती उन्हात कशी चमकते ते बघत राहायचे. त्यामुळे तिला आधी आनंदच झाला.

"काय काढलंत हे, बाबा?"

"हुकूम आलाय ना!" बाबांनी पानाच्या कोपऱ्यावर बोट ठेवलं. "पाठ कोरा. स्पष्ट लिहिलंय. तुमच्या प्राध्यापकाला नजर आहे हं. मला वाटलं होतं, नुसता पुस्तकी कारभार असेल."

तिनं वळून शिल्पाकडे पाहिलं. ते त्याच खोलीत भिंतीला टेकवून ठेवलेलं होतं. समोरून आई आणि मागून नुसता ओबडधोबड दगड. पाठ बाबांनी आळसानं सोडली नव्हती. दगडात मागून, डाव्या खांद्याखालून, एक शीर गेली होती. तिथं घाव बसला तर तडा थेट चेहऱ्यापर्यंत जाईल, असं त्यांनीच तेव्हा सांगितलं होतं. आणि आईचा तो चेहरा दुसरीकडे कुठेच नव्हता. फोटोंमध्ये ती फोटोवाल्याचं ऐकून हसायची. दगडात मात्र ती पुस्तकात बुडालेली होती, अगदी ती असायची तशी.

एका वाक्यात खुलासा झाला असता. पण बाबांचा चेहरा उजळला होता, आणि त्या उजेडावर फुंकर मारायला तिची जीभ रेटेना. तिनं चहाचा कप त्यांच्यासमोर ठेवला.

या खोलीत आई बाबांना वाचून दाखवायची. वाचनालयातून शिल्पकलेवरच्या पुस्तकांचे ठोकळे आणायची आणि हातोड्याच्या ठेक्यावर वाचत सुटायची. बाबा ठोकता ठोकता कुरकुरायचे, "दगडावर लिहितो लेकाचा, कधी पायावर पडलाय का याच्या?" तरी दुसऱ्या दिवशी दगडातला एखादा हात जरा वेगळाच वळलेला दिसायचा. बाबा विषय बदलायचे आणि आई पान उलटायची. त्या मूर्तींत छिन्नी किती आणि आईचा आवाज किती, हे कुणाला सांगता आलं नसतं. दुपारभर दगडाची पूड हवेत तरंगायची, शब्दही तरंगायचे, आणि दोन्ही सावकाश खाली बसायचं.

बाबांनी पहार लावून शिल्प फिरवलं. चेहरा भिंतीकडे गेला, मागचा खडबडीत दगड उन्हात आला. त्यांनी छिन्नी टेकवली, हातोडा उचलला आणि तो तसाच धरून उभे राहिले. ऊन जमिनीवरून सरकत दाराजवळच्या लाकडी बाकापर्यंत आलं, तरी घाव पडेना.

"हात दुखतोय का?" तिनं विचारलं.

"आठवत नाहीये."

"काय?"

"तिची पाठ." बाबांनी हातोडा खाली ठेवला. "मी कायम समोर. भांडलो तरी समोरासमोर. तिनं माझ्याकडे कधी पाठ फिरवलीच नाही गं, मग मला कुठून ठाऊक असणार?"

आता मात्र तिला राहवेना. "बाबा, ती सूचना तुम्हाला नव्हतीच. छापखान्याला होती. तो एकच शब्द आहे, पाठकोरा. मागची बाजू कोरी ठेवा, असा. जागा माझ्या हातून सुटली."

बाबांनी पान डोळ्यांजवळ नेलं, लांब धरलं, पुन्हा जवळ नेलं. "वा गं शहाणे! तोच शब्द म्हणतो कोरा आणि तोच म्हणतो कोरी ठेवा!" ते हसायला गेले, पण हसू अर्ध्यावरच अडलं. ते लाकडी बाकावर बसले. त्या दुपारी ते पहिल्यांदाच म्हातारे दिसले. "म्हणजे पाठ कुणालाच नकोय म्हण."

"मला हवीय," ती म्हणाली.

इतकं पटकन बोलून गेली की तिची तीच दचकली. आता थांबण्यात अर्थ नव्हता. "तुम्ही समोर असायचात, मी मागे. आई वाचायला लागली की मी तिच्या पाठीला कान लावून बसायचे. शब्द कळायचे नाहीत, नुसती घुमघुम यायची. मला झोप लागायची आणि स्वप्नातही ती घुमत राहायची. मला तिचा चेहराही हवाय, बाबा, तो फुटेल म्हणून जीव टांगणीला लागलाय माझा. पण पाठही हवीय."

बाबा उठले. मग त्यांनी खिशातला खडू काढून तिच्या हातात दिला.

तिनं दगडावर रेघा ओढल्या. उजवा खांदा जरा उतरलेला, कारण पुस्तकाचा भार त्या हातावर असायचा. मानेला बाक, आणि पाठीला किंचित पोक. "ताठ बस म्हणून आजी ओरडायची तिला," ती म्हणाली आणि दोघंही हसले. डाव्या खांद्याखाली येऊन खडू थांबला. "इथं माझं डोकं असायचं."

"इथं शीर आहे. इथं हात लावायचा नाही."

आणि घाव पडू लागले. बाबा मापात मारत होते, वाळूत बोटं फिरवावी तसं हलकेच. पूड उडाली, ऊन पांढुरकं झालं, आणि त्या धुरकट उजेडात खांदा वर आला, मान वर आली. दार, टेबल, तिचे स्वतःचे हात, सगळं तिला लांब गेल्यासारखं वाटलं. तेवढ्यात एक घाव बद्द वाजला. डाव्या खांद्याखालचा दगडाचा टवका सुटून जमिनीवर पडला.

ती भिंत आणि शिल्प यांच्या फटीत शिरली. आईच्या गालावरून, कपाळावरून तिनं बोटं फिरवली. तडा नव्हता. ओठ उघडे होते तसेच होते. बाहेर आली तेव्हा ती रडत होती, आणि बाबा पाठीतल्या त्या खळग्याकडे बघत हताश उभे होते.

"घालवली मी," ते म्हणाले.

ती गुडघ्यांवर बसली. आता डोकं तिथं न्यायला चांगलंच वाकावं लागत होतं. तिनं खळग्याला कान लावला. दगड गार होता.

"बाबा, वाचा."

"मी?"

"दुसरं कोण आहे इथं?"

बाबांनी चष्मा लावला, टेबलावरचा मजकूर घेतला आणि ते भिंतीकडच्या फटीत, आईच्या समोर जाऊन उभे राहिले. ओळीवर बोट ठेवून, अडखळत त्यांनी सुरुवात केली. "ही स्त्री मनातल्या मनात वाचते आहे... मनातल्या मनात? जन्मात कधी वाचलं नाही तिनं मनातल्या मनात! ओठ दिसले नाहीत का याला?"

"ती चूक मी नंतर काढते. तुम्ही वाचा."

बाबा पुढे वाचू लागले. एकेक शब्द जोखत, मध्येच खोकत, पूर्णविरामाला थांबत.

"येतंय का काही?" पलीकडून त्यांनी विचारलं.

दगडातून काहीच येत नव्हतं. तिनं डोळे मिटले आणि कान आणखी आत दाबला.

"जरा मोठ्यानं वाचा," ती म्हणाली.