मी नेमका कुणाचा दरवाजा?

मी एक दरवाजा बोलतोय. कुठल्या घरचा, असं मात्र विचारू नका. तिथेच तर माझं घोडं पेंड खातं!

जन्माचं एवढंच आठवतं की सुताराचा रंधा अंगावरून फिरत होता आणि मला गुदगुल्या होत होत्या. पुढे कुठलंसं घर पाहिलं, तिथून उखडला गेलो आणि जुन्या लाकडाच्या वखारीत येऊन पडलो. वखारवाला भारी बोलका. गिऱ्हाइकाला शाळेचा दरवाजा हवा असला की मी शाळेचा, दवाखान्याचा हवा असला की दवाखान्याचा! इतक्या थापा ऐकल्या की माझाच माझ्यावर भरवसा राहिला नाही.

मग एक बाई आली. ती माहितीपट करते, चित्रंही काढते. तिच्या जन्माआधी तिच्या वडिलांची वस्ती धरणासाठी उठवली होती. त्या घराबद्दल वडील कधी चकार शब्द काढत नसत आणि आता तर त्यांना विसरायला व्हायला लागलं होतं. सगळंच पुसलं जायच्या आत त्यांच्या तोंडून त्या घराचं काहीतरी ऐकायचं, हा तिचा ध्यास. आत्या तिला म्हणाली होती, "आपल्या दरवाजाला कडीपाशी कुऱ्हाडीचा घाव होता." तसा घाव मला आहे.

"हा त्याच वस्तीतला ना?" तिने विचारलं.

"त्याच तर!" वखारवाला म्हणाला. मीही म्हटलं, असेन बुवा.

तिने मला एका मोठ्या रिकाम्या खोलीत मधोमध, चौकटीसकट उभं केलं. भिंती नाहीत, नुसता मी! माझ्यासमोर घरच्या एकेकाला बसवून ती चित्रण करायची. आत्या म्हणाली, मी आतल्या बाजूला उघडायचो. काका म्हणाले, "छे! बाहेर. माझं नाक फुटलं होतं." प्रत्येकाच्या सांगण्याप्रमाणे ती सुताराकडून माझ्या बिजागऱ्या बदलून घ्यायची. मी पार गोंधळून गेलो. सुतार वैतागला, "ताई, घरात एकदा काय ते ठरवून घ्या हो!"

शेवटी वडील आले. त्यांनी चपला काढल्या आणि चांगले कमरेत वाकून ते माझ्यातून पलीकडे गेले. मी तर त्यांच्यापेक्षा हातभर उंच! बाई कॅमेऱ्यातून बघत राहिली.

वडील मागे वळले. "हा कुणाचा गं?"

"आपल्या घरचा, बाबा."

"आपल्याला कुठला दरवाजा? गोणपाटाचा पडदा होता, तुझ्या आजीने शिवलेला. दरवाजासाठी फळ्या आणून ठेवल्या होत्या मी. असा करू, तसा करू, रोज तेच बोलणं. तुझी आत्या, काका तेव्हा लहान, ऐकत बसायचे. तेवढ्यात उठवलं आम्हाला."

बाईला रडू आवरेना. मला तर कुठे तोंड लपवू असं झालं. "मग हा परत देते," ती म्हणाली.

वडिलांनी माझ्यावरून हात फिरवला. "राहू दे. असाच करणार होतो." त्यांनी मला हळूच लावून घेतलं. पलीकडून आवाज आला, "आता वाजव बघू."

तिने कॅमेरा खाली ठेवला आणि माझ्यावर थाप मारली.

"कोण आहे?"

"मी, बाबा."

"अगं, मग ये की घरात!"

तेव्हापासून मी इथेच आहे. वडील येतात. कधी मला ओळखतात, कधी नाही. मी मूळचा कुणाचा, हे मला अजूनही उमगलेलं नाही. माझ्या पहिल्या घरातलं कुणी हे वाचत असेल, तर रागावू नका, आणि कृपा करून मला न्यायला येऊ नका. इथल्या माणसांनी माझी फार वर्षं वाट पाहिली आहे.