सोलोमनच्या कालवडी

ही गोष्ट १९५७ सालची. मी तेव्हा सव्वीस वर्षांची होते. तारानाकीच्या डोंगराच्या पायथ्याशी माझ्या नवऱ्याचं, क्लेमचं, आणि माझं चोवीस जर्सी गायींचं छोटंसं शेत होतं. त्यातल्या सहा गायी माझ्या वडिलांच्या. तीस वर्षं एकेक कालवड निवडून त्यांनी ते घराणं तयार केलं होतं. ते वारले तेव्हा जमीन भावाला गेली, गायी माझ्या नावावर झाल्या.

सप्टेंबरातल्या एका शनिवारी ऑर्विल टकच्या शेताबाहेर रस्त्याच्या दोन्ही बाजूंना मोटारी लागल्या होत्या. सकाळच्या धारा उरकून माणसं गमबुटांसकट आली होती. बायकांनी रिवाजाप्रमाणे ताटं भरून आणली होती, स्कोन नावाचे छोटे गोडसर पाव, सँडविच, सायीचा केक. पण खाण्याकडे कुणाचं लक्ष नव्हतं. सगळे कुंपणाला रेलून आत बघत होते.

आत बावीस वासरं होती. बावीसच्या बावीस कालवडी, आणि सगळ्या सोलोमन नावाच्या एका वळूच्या, असं टक सांगत होता. दुधाच्या धंद्यात कालवड म्हणजे उद्याची गाय. गोऱ्हा कुणालाच नको असतो. फक्त कालवडी देणारा वळू कुणाला मिळाला, तर त्याचा कळप चार वर्षांत दुप्पट होणार. आम्ही सगळे हा हिशेब मनातल्या मनात करत उभे होतो.

टक दोन वर्षांपूर्वी कुठून तरी येऊन ते शेत भाड्याने कसत होता. लाल गळपट्टा, पॉलिश केलेले बूट. सोलोमनच्या मागच्या डाव्या पायात त्याने तांब्याचं कडं घातलं होतं.

"निसर्गाला दोन दारं असतात, मंडळी!" तो पेटीवर उभा राहून सांगत होता. "उजवं मुलग्यांचं, डावं मुलींचं. सोलोमनला मी डाव्या दाराची सवय लावली, एवढंच. ही जादू नाही. हे शास्त्र आहे!"

"कुठलं रे शास्त्र?" मागून कोणीतरी ओरडलं.

"चुंबकाचं! पृथ्वी कुठल्या बाजूने फिरते? डावीकडून. मग वळूने उजवीकडून का फिरावं?"

यावर बरेच जण माना हलवू लागले. का ते मला आजही सांगता येत नाही.

म्हातारा फर्गस टेट म्हणाला, "मला सात मुलगे झाले. माझ्या पायात तेव्हा कडं घालायला हवं होतं."

"तू कड्याने ऐकणारा नव्हेस, फर्गस. तुला खोडाच लागला असता!" गर्दीतून कोणीतरी म्हणालं.

लोक पोट धरून हसले. फर्गसही हसला. मागच्या हंगामात सोलोमन त्याच्या सहा गायींना लावला होता आणि पाच कालवडी झाल्या होत्या. हे तो रस्त्यात भेटेल त्याला थांबवून सांगे. विनी गॅडकडेही सोलोमन लावला होता. तिला मात्र कोणी काही विचारलं नाही, आणि तीही बोलली नाही. केकचे तुकडे करत राहिली.

टकजवळ लेक्स डन्स्टन उभा होता. आमच्या भागात जनावरं, बी-बियाणं, खतं, सगळी खरेदी-विक्री एका पेढीमार्फत चाले, आणि लेक्स त्या पेढीचा दलाल. गाय घ्यायची, विकायची, वळू भाड्याने आणायचा, सगळं लेक्सच्या शब्दावर. तो वडिलांचा मित्र. लहानपणापासून त्याला मी आमच्या जेवणाच्या टेबलावर पाहत आले होते. मी त्याला लेक्सकाका म्हणत असे.

पेढी आता सोलोमनमध्ये भागीदारी विकत होती. पण अट होती. आधी टक येऊन तुमच्या गायी तपासणार.

सोमवारी दोघं आमच्याकडे आले. टकने शेपटीच्या केसाला तांब्याची अंगठी बांधली आणि एकेका गायीच्या पाठीवर लोंबती धरली. माझ्या सहांपैकी चौघींना त्या वर्षी गोऱ्हे झाले होते. ते क्लेमने त्याला आधीच सांगून टाकलं होतं. त्या चौघींवर अंगठी उजवीकडे झुलली. मग उरलेल्या दोघींवरही झुलली.

"उजव्या वळणाच्या आहेत या," टक हळहळत म्हणाला. "रक्तातच आहे. अशी एक गाय गोठ्यात असली तरी बाकीच्यांना बिघडवते."

"या दोघींना तर कालवडी झाल्या," मी म्हणाले.

"शेवटच्या, बाईसाहेब. शेवटच्या."

मी लेक्सकडे पाहिलं. तो टोपी हातात फिरवत होता.

"लेक्सकाका, बाबांच्या गायी आहेत या."

"माहीत आहे, पोरी. म्हणून तर मी स्वतः आलो. टाकाऊ गायींच्या भावात पेढी घेईल. त्यांच्या जागी तुला सोलोमनच्या कालवडी पहिल्या मिळतील, माझा शब्द."

"टाकाऊ म्हणजे खाटकाकडे?"

"ते तू मनात आणू नकोस."

ते गेल्यावर क्लेम बराच वेळ बूट काढत बसला.

"किती वर्षं आपण चोवीसावर अडलोय, एनिड?"

"सहा."

"लेक्स खोटं बोलेल का? तुझ्या बापाला त्याने खांदा दिलाय."

"मी कुठे म्हणतेय खोटं बोलेल?"

"मग सही कर. गायी तुझ्या नावावर आहेत, मी जबरदस्ती करणार नाही."

मी सही केली. रडले वगैरे नाही. दुसऱ्या दिवशी लेक्स कागद घेऊन आला, तो त्याच्या मोटारीच्या मडगार्डवर ठेवून सही केली आणि धारा काढायला गेले. गुरुवारी ट्रक आला. सहाही जणी शिस्तीत चढल्या. वडिलांनी त्यांना तशी सवयच लावली होती. संध्याकाळी गोठ्यात सहा जागा रिकाम्या होत्या आणि मला त्याचं काही वाटेना. दूध कमी, काम लवकर संपलं, एवढंच.

पुढच्या बुधवारी नायरी लॉव आली. नायरी दूध-तपासनीस होती. महिन्यातून एकदा प्रत्येक शेतावर मुक्काम करायचा, संध्याकाळ-सकाळचं एकेका गायीचं दूध मोजायचं, त्यातली साय तपासायची, नव्या कालवडींच्या कानात आकडा टोचायचा, हे तिचं काम. तिशीची, हाडापेराने मजबूत, बोलायला सरळ.

"तुझ्या सहा कुठे गेल्या?" तिने आल्या आल्या विचारलं.

मी सगळं सांगितलं. ती ऐकताना बाटल्या लावत होती. ऐकून थांबली.

"एनिड, वासरू नर की मादी हे वळूच्या बीजावर ठरतं. गायीचा त्यात काडीचाही संबंध नाही. आणि वळूचं बीजही निम्मं-निम्मं असतं. कडं पायात घाल नाहीतर नाकात."

"पण आम्ही डोळ्यांनी पाहिलंय. बावीस कालवडी."

"गोऱ्हे पाहिलेस का?"

"गोऱ्हे नव्हतेच."

"तुझ्या कुरणात किती गोऱ्हे आहेत आत्ता?"

आमच्या कुरणात एकही गोऱ्हा नव्हता. चौदा झाले होते त्या वर्षी. चार दिवसांचा झाला की क्लेम प्रत्येकाला उचलून फाटकाजवळच्या लाकडी कोंडवाड्यात ठेवी. सकाळी बर्टचा ट्रक येई आणि त्याला कत्तलखान्यात नेई. सगळेच तसं करत. पहिल्या वर्षी मी कोंडवाड्याकडे पाहायचं टाळलं. दुसऱ्या वर्षी टाळावं लागलं नाही. मला तो दिसायचाच बंद झाला.

शनिवारी टकचा मेळा पुन्हा भरला. या वेळी गर्दी जास्त होती. नायरी गर्दीतून पुढे गेली आणि तिने शाळेतल्या बाईसारखा हात वर केला.

"मिस्टर टक, तुमच्या किती गायी व्यायल्या?"

"बावीस. आणि बावीस कालवडी, मिस लॉव, मोजून घ्या!"

"म्हणजे तुमच्या फाटकावरून ट्रकमध्ये काही गेलं नाही?"

"माझ्या फाटकाला कोंडवाडाच नाही. विचारा कुणालाही."

"बर्टलाच विचारते." ट्रकवाला बर्ट स्कोन खात उभा होता. "बर्ट, या शेताजवळच्या वळणावरच्या बंद घराच्या फाटकातून या मोसमात तू किती गोऱ्हे उचललेस?"

बर्टने घास गिळला. "असतील बारा-तेरा."

"त्या घरात कोण राहतं?"

"कोणी नाही. म्हातारी गेल्यापासून कुलूप आहे."

"मग तिथे विते कोण?"

दोघं-तिघं हसले. बर्ट कानकोंडा झाला. "मला सांगतात तिथून मी उचलतो, बाई. जिवंत आहे का एवढं बघतो."

नायरी कुंपणावरून आत उतरली. टक म्हणाला, "अहो, वासरं बुजतील!" वासरं बुजली नाहीत. ती नायरीची बोटं चोखायला लागली. तिने एकेकीचा कान उलटून पाहिला. अकरावीपाशी थांबली.

"हा आकडा मी टोचलाय. बारा ऑगस्टला, डोंगरापलीकडे." आणखी दोन कालवडींच्या कानात तिचेच आकडे निघाले. "या तिघी इथे जन्मल्या नाहीत. बाकी कान कोरे आहेत, पण बर्टने जेवढे गोऱ्हे नेले तेवढ्या कालवडी बाहेरून आल्या असणार, हे सांगायला मी कशाला हवी? डोंगरापलीकडच्या माणसाने या तिघी पेढीला विकल्या होत्या. लेक्स, तू घेतल्यास ना?"

"मी रोज वीस वासरं घेतो आणि विकतो," लेक्स म्हणाला. "विकत घेणारा ती कुठे सोडतो, ते विचारणं माझं काम नाही."

"ही बाई पेढीच्या शत्रूंनी पाठवली आहे!" टक ओरडला. "शंकेखोर माणूस जवळ आला की कडं काम करत नाही. मी आधीच सांगितलं होतं!"

"कडं नाही चाललं तर कानातले आकडे बदलतात का?" नायरी म्हणाली. मग आमच्याकडे वळली. तिचा आवाज चढलेला नव्हता. "घरी जाऊन आपापल्या कुरणात बघा. तुमच्या प्रत्येकाकडे आज फक्त कालवडी आहेत. परका माणूस तुमच्या कुंपणाशी येऊन उभा राहिला, तर त्यालाही हाच चमत्कार दिसेल. तुम्ही दरवर्षी तो स्वतःच करता."

मग विनी गॅडचा आवाज आला. हातात केकची सुरी तशीच.

"माझ्याकडे सातांपैकी पाच गोऱ्हे झाले. सोलोमनचेच. मिस्टर टक म्हणाले, घरात कुणीतरी मनात शंका आणली. मी शंका आणली होती. म्हणून गप्प बसले."

"आणि माझ्या पाच कालवडी?" फर्गस चिडून म्हणाला.

"नाणं सहा वेळा उडव, फर्गस," नायरी म्हणाली. "कधीतरी पाच छाप पडतात. तू सगळ्यांना सांगितलंस. विनीने नाही सांगितलं. एवढाच सोलोमनचा पराक्रम."

गर्दी टककडे सरकली. मी लेक्सकडे गेले. तो मोटारीचं दार उघडत होता.

"माझ्या गायी कुठे आहेत?"

"वर उत्तरेला, वाइकाटोत. मंगळवारी लिलाव झाला."

"खाटकाने घेतल्या?"

"नाही." तो माझ्याकडे न बघता म्हणाला. "सहा वेगवेगळ्या गोठेवाल्यांनी घेतल्या. चढाओढ झाली. त्या दिवशीचा सगळ्यात वरचा भाव."

"उजव्या वळणाच्या गायींना?"

"तिथे तसं नाही सांगितलं, पोरी. तुझ्या बापाच्या गायी म्हणून विकल्या."

मला तेव्हा राग यायला हवा होता. आला नाही. धारांची वेळ झाली होती. क्लेमला हाक मारली आणि आम्ही घरी गेलो.

टक सोमवारच्या आत निघून गेला. पुढे तो क्वीन्सलंडमध्ये काठी फिरवून जमिनीतलं पाणी दाखवत असल्याचं ऐकलं. पेढीने चौकशी केली, आपली काही चूक नसल्याचं कळवलं आणि लेक्सची बदली केली. निवृत्तीच्या दिवशी त्याला घड्याळ दिलं. समारंभाला आमच्या भागातून बरेच जण गेले होते. त्याच्या अंत्यविधीला मीही गेले. सोलोमनला पुढच्या वसंतात कत्तलखान्यात पाठवलं. त्याने काहीच केलं नव्हतं. फर्गसने तांब्याचं कडं मागून घेतलं आणि मरेपर्यंत आपल्या गोठ्याच्या दारावर टांगलं. विनी गॅड मात्र त्यानंतर प्रत्येक सभेत पहिल्या रांगेत बसून प्रश्न विचारू लागली. लोक तिला कंटाळले.

नायरी आणखी नऊ वर्षं आमच्याकडे मुक्कामाला येत राहिली. तिने वाइकाटोतल्या तपासनीसांना पत्रं लिहून माझ्या सहांपैकी चौघींचा पत्ता लावला. एक प्रवासातल्या दगदगीने मेली होती. तिघी भरपूर दूध देत होत्या, आणि पुढच्याच वर्षी तिघींनाही कालवडी झाल्या. त्या परत विकत घेण्याइतकी आमची ऐपत नव्हती. क्लेम १९८४ साली वारला. तो विषय आम्ही पुन्हा काढला नाही.

वाचणाऱ्यांना माझं एवढंच सांगणं आहे. चमत्कार दाखवणारा तुमच्यासमोर जे मांडतो त्याच्याकडे तुम्ही कितीही बारकाईने पाहिलंत तरी फसाल, कारण ते त्याने निवडून मांडलेलं असतं. जे मांडलेलं नाही ते कुठे गेलं, हे विचारा. ज्यांना गुण आला त्यांची नावं तो सांगेल. ज्यांना आला नाही त्यांची नावं मागा. आणि तुमच्यातली एखादी बाई मनात शंका घेऊन गप्प बसली असेल, तर आधी तिला बोलू द्या. आमच्याकडे विनी दोन आठवडे आधी, पहिल्याच शनिवारी बोलली असती, तर माझ्या गायी गोठ्यातच असत्या. तिला मी कधी दोष दिला नाही. मलाही शंका आली होती, आणि मी सही केली होती.